सातारा-सांगलीत राहून कॅमेरामन कसे व्हावे

घरी सांगताना कॅमेऱ्याची किंमत सांगू नये. लेन्सची तर अजिबातच नाही. तेवढ्या पैशात किती गुंठे आले असते, याचा हिशेब वडील उभ्या उभ्या करतात. त्यापेक्षा भाड्याच्या कॅमेऱ्यावर लग्नाची एखादी ऑर्डर मारावी आणि पहिले पैसे आईच्या हातावर ठेवावेत.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला प्रवेश परीक्षा असते. लग्नाच्या कार्यालयात ती नसते, पण शिकायला तेवढेच मिळते. ट्यूबलाइटखाली शूट करताना शटर १/५० ठेवावे. आपली वीज ५० हर्ट्‌झची. शटर भलतेच ठेवले, तर ऐन अक्षतांना अख्खे कार्यालय लुकलुकते. व्हाइट बॅलन्स 'ऑटो'वर सोडू नये. सांगलीत हळदीला तोटा नाही. एवढे पिवळे बघून कॅमेरा घाबरतो, आपल्या पदरचे निळे घालतो आणि नवरदेव आजारी दिसतो. बाकी फ्रेम कशीही लावा, मुलाचे मामा तिच्यात हवेत. मामा कापले गेले की उरलेले पैसे बुडाले म्हणून समजा.

हात बसला की वाई गाठावी. इथे साताऱ्यात उभे राहून सातारा लपवायला शिकायचे असते. 'गंगाजल'साठी वाई बिहार झाली, 'दबंग'साठी उत्तर प्रदेशातले लालगंज. 'स्वदेस'मधले चरणपूरही उत्तर प्रदेशातलेच, फक्त ते वाईजवळच्या मेनवलीत कृष्णाकाठी होते. तेव्हा मराठी पाटी, लाल एसटी, गांधी टोपीतले आजोबा, जे दिसेल ते फ्रेमबाहेर. आजोबा हलत नाहीत. त्यांना "आबा, जरा चहा घेऊन या" म्हणावे आणि तेवढ्यात टेक उरकावा. मेनवलीतच नाना फडणवीसांच्या घाटाजवळ वसईच्या मोहिमेतून आणलेली पोर्तुगीज घंटा आहे. असली चीज हाताशी असून फ्रेममध्ये घेता येत नाही, याचे वाईट वाटू लागले की समजावे, नजर तयार होतेय.

सातारा सातारा म्हणून दाखवायचा असेल, तर मालिका धरावी. २०१७ साली 'लागिरं झालं जी' आली आणि इथली बोली घराघरांत गेली. मालिकेत मात्र सौंदर्यदृष्टी जपून वापरावी. एपिसोड रोज जायचा असतो. दुपारी बाराला सासू 'रात्री' रडणार असते, म्हणून खिडक्यांना काळे कापड लावून खोलीत रात्र करावी लागते. बाहेर टळटळीत उन्हात नायिकेच्या डोक्यावर स्किमर, म्हणजे ऊन मऊ करणारे पातळ कापड, ताणावा आणि थर्माकोलवरून उजेड चेहऱ्यावर फिरवावा. लाइट दादांशी कधीही वाकडे घेऊ नये. "दादा, जरा सॉफ्ट करता का?" एवढेच विचारावे. "करतो की, आधी जेवण सुटू द्या," म्हणाले, तर जेवावे. त्यांनी डीओपी, म्हणजे मुख्य कॅमेरामन, येताना पाहिलेत आणि जातानाही.

प्रसिद्धीची आस असेल, तर वेळीच दुसरा धंदा बघावा. 'स्वदेस'ला दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. त्यातला एक छायालेखनाचा, महेश अणे यांना. 'दबंग' टिपला महेश लिमये यांनी. मेनवलीच्या घाटावर शाहरुख कुठे उभा होता, हे दाखवणारे पुष्कळ भेटतील. अण्यांनी कॅमेरा कुठे लावला होता, ते कुणी सांगणार नाही. सिनेमा पुन्हा बघा, घाटावर जा आणि ती जागा स्वतः शोधून काढा. ऊन डोक्यावर यायच्या आत जा.