अडीच हजारांचा वडापाव

"मामा, या खेपेला तुम्हाला खरी मुंबई खाऊ घालतो," असं ठाण्याचा भाचा फोनवर म्हणाला. मी त्याचा सरळ अर्थ घेतला आणि शेगावहून विदर्भ एक्स्प्रेसमध्ये बसताना सोबत डबासुद्धा नेला नाही. पोट रिकामं नेलं की भाच्याचं प्रेम वसूल होतं, हा आमच्या खामगावचा जुना हिशेब.

सकाळी कळलं, पोरानं माझ्यासाठी 'फूड वॉक' बुक केला आहे. म्हणजे एक माणूस पुढे चालणार आणि बारा माणसं त्याच्या मागे. तो थांबेल तिथे थांबायचं, तो देईल ते खायचं आणि खाण्याआधी तो सांगेल ते ऐकायचं. आमच्याकडे याला वरात म्हणतात. तिच्यात ऐकावं काही लागत नाही, कारण बँडमुळे ऐकूच येत नाही. शिवाय पैसे मुलीचा बाप देतो. इथे माणशी अडीच हजार होते.

बुलडाणा जिल्ह्यातल्या माणसाला कुठलीही रक्कम सांगा, तो मनात तिचं सोयाबीन करतो. २०२४-२५ चा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये, म्हणजे अडीच हजारांचं एक्कावन्न किलो झालं. तेही हमीभाव मिळाला तर. मिळत नाही, पण तो विषय या सदराला पेलणारा नाही. तर अर्ध्या क्विंटलहून अधिक सोयाबीन खांद्यावर घेऊन मी संध्याकाळी पाच वाजता बोरीबंदरला उभा राहिलो.

आधी एक फॉर्म भरून घेतला. चालताना पडलात, खाऊन पोट बिघडलं, वाहनानं धडक दिली, तर आयोजक जबाबदार नाहीत, सही करा. पुढचा प्रश्न : शेंगदाण्याची ॲलर्जी आहे का? आमच्याकडे अशा माणसाचं लग्न जमत नाही. त्यापुढे : तिखट किती चालेल, कमी, मध्यम की जास्त? मी 'जास्त'वर खूण केली आणि रात्री दहापर्यंत त्या 'जास्त'ची वाट पाहिली.

गाइड पंचविशीतला, गोड, दाढी राखलेला पोरगा होता. हातात मिटलेली पिवळी छत्री. ती उंच धरली की आम्ही तिच्याखाली जमायचं. गटात नेदरलँड्सचं एक जोडपं, बंगळूरुच्या चार मैत्रिणी, पुण्याचे एक गृहस्थ (ते दर थांब्यावर "आमच्याकडे हे याहून चांगलं मिळतं" म्हणत), आणखी काही जण आणि पांढरी टोपी घातलेला मी.

पहिला थांबा वडापाव. गरम वडा समोर दिसतोय, वास नाकात शिरतोय आणि गाइड म्हणतो, "थांबा, आधी याची स्टोरी." स्टोरी अशी की १९६६ च्या सुमारास दादर स्टेशनबाहेर अशोक वैद्य यांनी वडा पावात घातला आणि गिरणी कामगारांची भूक भागली. त्याआधी पोर्तुगीजांनी बटाटा आणला, मिरची आणली, पावही आणला. मी मनात वजाबाकी केली. बटाटा गेला, मिरची गेली, पाव गेला. उरलं बेसन. म्हणजे वडापावात देशी असं जे काही आहे ते आमच्या हरभऱ्याचं पीठ! हा शोध मोठ्यानं सांगावा म्हणून तोंड उघडलं, तोवर वडा गार झाला होता. चार घासांत गोष्ट संपली. गोष्ट म्हणजे वडा. गाइडची गोष्ट चालूच होती.

मी खात असताना त्या डच बाईंनी माझा फोटो काढला. मग टोपी जरा सरळ करून पुन्हा काढला. "ऑथेंटिक," असं त्या नवऱ्याला म्हणाल्या. अडीच हजार मीही भरले आहेत आणि या शहरात त्यांच्याइतकाच परका मीही आहे, हे कोणत्या भाषेत सांगावं कळेना. गर्दीत हरवू नये म्हणून मी सकाळपासून भाच्याचा नंबर चिठ्ठीवर लिहून खिशात ठेवला होता. तरीही ॲमस्टरडॅमच्या कुठल्या तरी दिवाणखान्यात मी आज अस्सल मुंबईकर म्हणून टांगला गेलो असेन. परतभेट म्हणून मी त्यांचाही एक फोटो काढला. घरी बायकोनं विचारलं, "ह्या कोन?" म्हटलं, "अस्सल डच."

दुसरा थांबा पावभाजी. इथे मात्र माझा संयम सुटला. गाइडची स्टोरी अशी : अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, १८६१ ते १८६५. तिकडचा कापूस बंद झाला. मँचेस्टरच्या गिरण्या मुंबईच्या कापसावर तुटून पडल्या. रात्री-बेरात्री तारेनं भाव यायचे, दलाल जागे राहायचे आणि त्या भुकेल्या दलालांसाठी गाडीवाल्यांनी उरल्यासुरल्या भाज्या तव्यावर ठेचून लोण्यात परतल्या. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

आता मी पडलो कापसाच्या गावचा. इंग्लंडची तार हिंदुस्थानाला जोडली गेली १८६५ साली. त्याच वर्षी एप्रिलात तिकडे जनरल ली शरण आला आणि जुलैत इकडे मुंबईचा शेअरबाजार असा कोसळला की भल्याभल्यांची दिवाळी निघाली. म्हणजे युद्धभर दलाल ज्या तारेसाठी जागले, ती तार आली ती भाव पडल्याचं सांगायला. भुकेला दलाल मात्र मी नाकारत नाही. दिवाळं निघालेला माणूस काल उरलेली भाजीही खाईल.

आणि 'मुंबईचा कापूस' म्हणजे काय? तो पिकतो कुठे, मलबार हिलवर? अहो, तो वऱ्हाडातून बैलगाड्यांवर लादून गेला. लिव्हरपूलच्या बाजारात आमच्या कापसाला 'ऊमरा' म्हणत, अमरावतीच्या नावावरून. १८६७ साली रेल्वे नागपूरपर्यंत पोचली, आणि एवढ्याशा खामगावच्या कापसासाठी जलंबहून आठ मैलांचा वेगळा फाटा टाकला. १८७० साली व्हाइसरॉय लॉर्ड मेयो स्वतः खामगावला आला. आठ मैलांसाठी व्हाइसरॉय! आज आठ मैलांचे खड्डे बघायला एखादा कनिष्ठ अभियंता यावा म्हणून आम्ही सहा अर्ज करतो.

हे सगळं मी त्या तव्यापाशी उभ्यानं, लोण्याच्या धुरात, मराठी-हिंदीत सांगितलं. पुण्याच्या गृहस्थांनी इंग्रजीत भाषांतर केलं आणि चार वाक्यं पदरची घातली. गाइडनं खिशातून वही काढून लिहून घेतलं. "सर, अमेझिंग! हे मी पुढच्या वॉकला वापरू?" मी म्हटलं, वापर. आपल्याकडचा कच्चा माल मुंबईला फुकट आणि पक्का माल तिथून विकत, ही रीत मोडणारा मी कोण?

मधले थांबे पटपट सांगतो, कारण ते पटपटच झाले. चाट झाली, फालुदा झाला. इराण्याकडे बसायला खुर्ची मिळाली, त्या संध्याकाळची खरी चैन तीच. एका गल्लीत गाइड सांगत होता की हा डोशाचा गाडा म्हणजे शहराचा जिवंत वारसा. तेवढ्यात कोणीतरी "गाडी आली!" म्हणून ओरडलं आणि जिवंत वारसा तव्यासकट, पेटत्या शेगडीसकट दीड मिनिटात बोळात शिरला. पथविक्रेत्यांना संरक्षण देणारा कायदा २०१४ सालचा आहे. तो बहुधा त्याच गाडीत बसून आला असावा. बंगळूरुच्या मैत्रिणींना हाही कार्यक्रमाचाच भाग वाटला. त्यांनी टाळ्या वाजवल्या.

शेवटच्या थांब्यावर पिवळी छत्री उघडली आणि मी वर पाहिलं. दुकानावर पाटी : 'शेगावची सुप्रसिद्ध कचोरी'.

घरापासून साडेपाचशे किलोमीटर लांब, अर्ध्या क्विंटलभर सोयाबीनचा चुराडा करून, मी माझ्याच गावाशेजारच्या कचोरीपुढे रांगेत उभा होतो. गाइड म्हणाला, "ही शेकडो वर्षांची परंपरा आहे. मंदिराचा प्रसाद म्हणून सुरू झाली."

काय करावं? सांगावं, तर आपल्याच अभिमानाला टाचणी लागते. कारण ही कचोरी ना शेकडो वर्षांची, ना प्रसादाची. फाळणीनंतर पंजाबातून आलेल्या तीरथराम शर्मा यांनी शेगाव रेल्वे स्टेशनच्या कँटीनमध्ये ती सुरू केली. गाडी दोन मिनिटं थांबते, तेवढ्यात खिडकीतून घेता यावी, पुढच्या स्टेशनापर्यंत हातात धरून खाता यावी, सोबत तळलेली हिरवी मिरची. म्हणजे ज्या पदार्थावर आम्ही वऱ्हाडी मिशीला पीळ देतो, तो आम्हाला एका निर्वासितानं दिला. काही तासांपूर्वी मी वडापावातून पोर्तुगीजांना वजा करत होतो. आता कचोरीतून पंजाब वजा केला तर आमच्या हातात राहते ती मिरची, आणि तीही पोर्तुगीजांचीच.

तरी सांगितलं. गाइडनं वही काढली. ती कचोरी खरं तर बरी होती. पण मिरची कमी. फॉर्मवर मी 'जास्त' लिहिलं होतं.

खामगावला परतल्यावर चहाच्या टपरीवर हकीकत सांगितली. आमचा एक मित्र एवढंच म्हणाला, "अडीच हजार? मले देल्ले असते तं तुले अन् त्या गोऱ्यायले घरी बसवून रोडगे खाऊ घातले असते, वांग्याच्या भाजीसंगं." पण दुसऱ्या दिवशी तोच कागद-पेन घेऊन आला. आपणही काढू म्हणाला, 'खामगाव खाद्यभ्रमंती'. दर ठरला माणशी दीडशे, ओळखीच्यांना शंभर. छत्री त्याच्या घरची, काळी.

रंगीत तालीम घेतली, आणि तिथेच धंदा बसला. एक तर अर्ध्या किलोमीटरच्या बाजारात ओळखीचे चौदा जण भेटले. प्रत्येकानं "घ्या ना भाऊ, चहा घ्या" म्हणून थांबवलं आणि पैसे द्यायचा प्रश्नच येऊ दिला नाही. फुकट चहा पाजणाऱ्या गावात चहाची टूर विकायची कशी? दुसरं म्हणजे स्टोरी. आलूबोंड्याच्या गाड्यावर मित्रानं छत्री उंच धरून गाडीवाल्याला विचारलं, "तुमचा आलूबोंडा केव्हापासूनचा?"

"सकायी सातपासूनचा."

"तसं नाई. याचा इतिहास काय?"

गाडीवाल्याचा चेहरा पडला. झारा खाली ठेवून तो म्हणाला, "कालचा एकबी नाई साहेब. समदे ताजे हायेत. पायजे तं फोडून पाहा."

आम्ही सहा फोडून पाहिले, वर तर्री घेतली. खाद्यभ्रमंती तिथेच विसर्जित झाली.

एक खोड मात्र लागली ती लागलीच. आषाढी झाली की गजानन महाराजांची पालखी पंढरपूरहून परत फिरते. शेगाव ते पंढरपूर सातशे किलोमीटरच्या वर चालून गेलेले वारकरी ते. परतीचा शेवटचा मुक्काम खामगावला, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पालखी शेगावकडे निघते. ज्यांना वारी जमली नाही ते सगळे या शेवटच्या सतरा-अठरा किलोमीटरला येऊन मिळतात. पोरं, म्हातारे, नोकरदार, नव्या सुना, दुकानाला कुलूप लावून आलेले व्यापारी, सगळा रस्ता माणसांचा होतो. मी दर वर्षी चालतो. यंदा चालताना मनातल्या मनात थांबे मोजत होतो.

गावाबाहेर पडेपर्यंत चहा दोनदा. पुढे मंडपात पोहे. मग उसळ, द्रोणात, वरून कांदा. उपवासवाल्यांसाठी साबुदाण्याची खिचडी आणि तिच्यात भरपूर शेंगदाणे. ॲलर्जीचं कोणी विचारलं नाही, सही कोणी घेतली नाही. नको म्हणायची सोय नाही. नको म्हटलं की माणूस हात धरतो, वर "महाराजांचं आहे" म्हणतो. चौथ्या किलोमीटरलाच माझे सात थांबे झाले होते. मुंबईत पाच तासांत सहा झाले होते. मी दर थांब्याचं सोयाबीन करू पाहत होतो, आणि ते होत नव्हतं.

पाऊस भुरभुरत होता. रस्त्याकडेला एक म्हातारी केळ्यांची टोपली घेऊन उभी होती, सोबत नातू. तिनं माझ्या हातावर केळं ठेवलं. मी थांबलो. गाइडची वही माझ्या डोक्यात उघडलीच होती.

"मावशी, किती वर्षांपासून वाटता? सुरू कसं झालं हे?"

तिनं माझ्याकडे पाहिलं, मग केळ्याकडे, मग पुन्हा माझ्याकडे.

"केळं हाये ना, भाऊ," ती म्हणाली. "खा अन् चाल. मांगं गर्दी होऊन राह्यली."

आणि सालीसाठी नातवानं पोतं पुढे केलं.