विषबाधेची जमाबंदी

मनुष्याच्या पोटात गेलेले औषध त्याने चुकून घेतले की जाणूनबुजून, या प्रश्नापाशी तत्त्वज्ञ, कादंबरीकार आणि सत्र न्यायाधीश यांनी वर्षानुवर्षे घुटमळावे यात नवल नाही. परंतु अमेरिकेतील रुग्णालयांच्या दफ्तराला ही चैन परवडण्यासारखी नाही, कारण हेतूचा अंक पडल्याखेरीज तेथे संकेतांक पुरा होत नाही, आणि संकेतांक पुरा झाल्याखेरीज विमा कंपनी बिलाला हात लावीत नाही. सबब त्या देशाच्या रोगवर्गीकरणात औषधी विषबाधेला टी ३६ पासून टी ५० पर्यंत पंधरा प्रशस्त प्रकरणे नेमून देण्यात आली असून, मानवी अंतःकरणाचा ठाव बहुधा सहाव्या स्थानावरील एका आकड्यात घेण्याची सोय केलेली आहे. १ म्हणजे अपघात, २ म्हणजे स्वतःस इजा करण्याचा हेतू, ३ म्हणजे परक्याने केलेला हल्ला, ४ म्हणजे हेतू अनिश्चित, ५ म्हणजे औषधही बरोबर, मात्राही बरोबर आणि तरीही अपाय, व ६ म्हणजे मात्रा ठरल्यापेक्षा कमी. ज्या कामी रशियन कादंबरीकारांस सहाशे पृष्ठे लागत, ते येथे एका अंकात उरकते.

या जमाबंदीचा मूळपुरुष ज्याक बर्तियों हा पॅरिसचा संख्याशास्त्रज्ञ. त्याने १८९३ साली शिकागो येथे भरलेल्या संख्याशास्त्रज्ञांच्या परिषदेपुढे मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. त्याचा भाऊ आल्फोंस हा पॅरिसच्या पोलिसांसाठी गुन्हेगारांच्या अवयवांची मापे टिपून ठेवीत असे. म्हणजे जिवंतपणी एका भावाच्या हातून निसटलेला इसम मेल्यावर तरी दुसऱ्याच्या रकान्यात सापडावा, असा त्या घराण्याचा चोख बंदोबस्त होता. पुढे जागतिक आरोग्य संघटनेने ही यादी आपल्याकडे घेतली, आणि तिच्या दहाव्या आवृत्तीला स्वतःची भर घालून अमेरिकेने ती १ ऑक्टोबर २०१५ पासून अमलात आणली, तेव्हा सुमारे १४,००० संकेतांकांचे एका रात्रीत ६८,००० च्या आसपास झाले. त्यांत बदकाची धडक बसलेल्या इसमास स्वतंत्र जागा आहे. जेट विमानाच्या इंजिनात ओढला गेलेला इसम फेरतपासणीस आला तर त्यालाही आहे. आणि सासरच्या मंडळींशी बिनसल्यास झेड ६३.१ आहे, ज्याचा अंमल आपल्याकडे सुरू झाला तर कारकून पुरायचे नाहीत.

पण या दफ्तराची खरी नजाकत औषधांच्या प्रकरणात दिसते. एखाद्या गृहस्थाने रक्त पातळ करणारे वॉरफरिन डॉक्टरांच्या आज्ञेबरहुकूम घेतले आणि त्याला रक्तस्राव झाला, तर तो दुष्परिणाम ठरतो; नोंदीत रक्तस्राव आधी येतो आणि औषध त्याच्या मागून, यजमानाच्या मागे चालणाऱ्या शागिर्दासारखे, अदबीने येते. त्याच गृहस्थाने सांधे दुखतात म्हणून कोणास न विचारता सोबत ॲस्पिरिनची गोळी घेतली असेल, तर प्रकरण तत्काळ विषबाधेत जाते. आता औषध पहिल्या ओळीत आणि रक्तस्राव दुसऱ्या. रक्त तेच, खाटही तीच. बदलली ती केवळ नोंदींची पायरी, आणि तिच्याबरोबर कसूर कोणाची हेही बिनबोभाट ठरून गेले.

हेतूच्या बाबतीत तर नियमकर्त्यांच्या औदार्याला सीमाच राहिलेली नाही. अपरात्री अपघात विभागात जागरणाने डोळे तारवटलेला डॉक्टर रुग्णाच्या कागदावर औषध जास्त झाल्याचा एका शब्दाचा शेरा मारून पुढच्या खाटेकडे वळतो. तो कागद यथावकाश संकेतांक लावणाऱ्या एखाद्या कोडरपुढे येतो. हा कोडर पुष्कळदा पुण्यात, नवी मुंबईत, हैदराबादेत किंवा चेन्नईत बसलेला असतो; औषधनिर्माणशास्त्राची नाहीतर होमिओपॅथीची पदवी घेऊन, परीक्षा देऊन, ओहायोतल्या अनोळखी माणसाच्या अंतःकरणाची खतावणी करणे हा त्याचा चरितार्थ. त्याला तर्क करण्याची सक्त मनाई आहे. पाकीट रिकामे होते, शेजारी चिठ्ठी होती, बायको आदल्या दिवशी घर सोडून गेली होती, असा सारा मजकूर परिचारिकेच्या टिपणात वाचूनही त्याने त्यावरून काहीएक अनुमान काढावयाचे नसते. फार तर त्याने डॉक्टरांस पृच्छापत्र धाडावे. उत्तर न आल्यास, हेतू लिहिलेला नसेल तर तो अपघात समजावा, असा स्पष्ट जाबता आहे. मग अनिश्चिततेचा ४ कशासाठी, असे कोणी विचारील. तर हेतू कळू शकत नाही असे कागदावर लेखी असेल तरच तो अंक टाकता येतो. म्हणजे अज्ञानाचाही दाखला लागतो, आणि तो ज्याने आणला नाही त्याच्या अज्ञानाची गणना निश्चित ज्ञानात होते. अशा नोंदी लाखांनी जमल्या की त्यांचे तक्ते होतात, आणि तक्त्यांवरून विद्वान मंडळी राष्ट्राच्या मनःस्थितीचे निदान करू लागतात.

येथवर दफ्तर दयाळू आहे असाच वाचकाचा ग्रह व्हावा. मनुष्याने विष घेतले आणि कोणी काही लिहिले नाही, तर तो बिचारा चुकला असेल, असे ते धरून चालते. परंतु आता ६ हा अंक पाहावा. मधुमेहाच्या एका रुग्णाने इन्सुलिन परवडेना म्हणून मात्रा निम्म्यावर आणली आणि तो बेशुद्धीच्या उंबरठ्यावर दाखल झाला, अशी कल्पना करा. त्याच्या नावावर टी ३८.३ च्या पोटातला ६ चढतो, आणि त्यासोबत झेड ९१.१२० हा संकेतांक जोडला जातो, ज्याचे वर्णन असे: आर्थिक अडचणीमुळे रुग्णाने हेतुपुरस्सर कमी केलेली मात्रा. विषाला आपोआप निर्हेतुक ठरवणाऱ्या या दफ्तराने दारिद्र्याच्या खात्यावर मात्र हेतू नोंदवून ठेवला आहे. ज्या इन्सुलिनच्या पेटंटाचा हक्क बँटिंग, बेस्ट आणि कॉलिप यांनी १९२३ साली एकेका डॉलरच्या मोबदल्यात टोरांटो विद्यापीठाच्या स्वाधीन केला, त्याच्यापुढे शतकभराने हात आखडावा लागणे हा रुग्णाचा बुद्ध्याच केलेला निश्चय होय. २०२३ पासून मेडिकेअर या मुख्यतः वृद्धांसाठीच्या सरकारी विम्याच्या धारकांस इन्सुलिन दरमहा ३५ डॉलरांहून अधिक पडू नये असे ठरले. बाकीच्यांच्या निश्चयाचा प्रश्न त्या ठरावाने ज्याच्या त्याच्या पाकिटावर सोपवला.

शिवाय असाही हुकूम आहे, की कमी मात्रेचा संकेतांक कधीही पहिल्या ओळीत लिहू नये. प्रथम इन्सुलिनअभावी जडलेला आम्लरक्ततेचा विकार लिहावा, मागाहून औषध, आणि त्याच्याही मागे पैशाची अडचण. रुग्ण सावरला की त्याला इन्सुलिनची नवी चिठ्ठी आणि बिलाची प्रत अशी दोन्ही कागदपत्रे देऊन घरी धाडण्यात येते. काही महिन्यांनी तो पुन्हा त्याच कारणाने त्याच खाटेवर आला, तर सातव्या स्थानी पहिल्या भेटीचे ए हेच अक्षर नव्याने टाकावे. जुने प्रकरण उघडण्याचे कारण नाही.