आठ सोनेरी, एक काळा

बी.एस्सी.ला झूऑलॉजी घेतलेल्या माणसाला नातेवाईक आयुष्यभर माफ करत नाहीत. पुढे तो विम्याचे हप्ते गोळा करत असला तरी कुणाच्या मांजरीने दूध सोडलं, कुणाच्या गॅलरीत कबुतराने अंडी घातली, कुणाच्या पोपटाची पिसं गळाली, की फोन त्यालाच. डिग्रीचा उपयोग नोकरीत शून्य, सोयरिकीत शंभर टक्के. त्यातही आमचे साडू, अण्णा, हे या खात्याचे कायमचे ग्राहक.

अण्णा डोंबिवलीला राहतात. निवृत्त झाल्यापासून घरात पैसा टिकत नाही, असं त्यांचं निदान. पैसा येणंच कमी झालंय हे सांगायची हिंमत घरात कुणाला नव्हती, म्हणून वास्तुवाल्याला बोलावलं. त्याने ईशान्येला फिशटँक ठेवायला सांगितला. मासे नऊच हवेत, आठ सोनेरी आणि एक काळा. सोनेरी मासे लक्ष्मी आणतात आणि काळा घरावर येणारं अरिष्ट अंगावर घेतो. हा हिशोब मूळ फेंगशुईचा, म्हणजे चीनचा. पण ठाणे जिल्ह्यात पोचेपर्यंत त्याला गोत्र-प्रवर सगळं मिळालं होतं. अण्णांच्या ईशान्येला चपलांचं कपाट होतं. ते दाराबाहेर गेलं आणि तिथे दोन फूट बाय एक बाय एकची काचेची टाकी आली. ज्या घरात अंड्याचा केकदेखील जिन्यातून परत जातो, त्या घरात नऊ माशांनी वाजतगाजत गृहप्रवेश केला.

काळा मासा म्हणजे ब्लॅक मूर. हाही गोल्डफिशच, फक्त डोळे बटणांसारखे बाहेर आलेले, अंग मखमली काळं, चाल लग्नातल्या वरमाईची. ताईंनी, म्हणजे अण्णांच्या सौं.नी, त्याचं नाव ठेवलं काळूराम. काही महिने काळूरामने अरिष्ट झेललं आणि मग एका सकाळी अण्णांचा फोन आला.

“अहो, काळूराम पोटाकडून सोनेरी व्हायला लागलाय! आणि सोनेरींतले दोघं पांढरे पडलेत!”

आपल्या समाजात कुणी उजळायला लागलं म्हणून घाबरून फोन झाल्याचं हे पहिलंच उदाहरण असावं. एरवी त्याची पत्रिका बाहेर निघाली असती. घरात तर्कांना ऊत आला होता. अरिष्ट घेऊन घेऊन काळूरामचा कोटा संपला, असं ताईंचं म्हणणं. सोसायटीच्या सेक्रेटरींना एमआयडीसीचा संशय. २०२० साली डोंबिवलीतला एक रस्ता चक्क गुलाबी झाला होता, तेव्हापासून इथे रंगाचं काहीही बिघडलं की बोट तिकडेच जातं. अण्णांना एवढंच कळलं होतं, की आपल्या टाकीत सगळ्यांना एकेक पायरी बढती मिळाली आहे आणि सर्वांत खालची जागा रिकामी पडली आहे.

मी गेलो. टाकीसमोर पाट मांडून मला बसवण्यात आलं.

माशाचा रंग हा भिंतीसारखा एकदा दिला आणि झालं, असा नसतो. त्याच्या कातडीत रंगाच्या पेशी असतात: काळ्या, पिवळ्या, तांबड्या, आणि चकाकी देणाऱ्या वेगळ्याच, ज्यांत ग्वानिनचे बारीक स्फटिक असतात. काळ्या पेशीतला रंग म्हणजे मेलॅनिनचे कण. हे कण पेशीभर पसरले की मासा गडद दिसतो आणि मधोमध गोळा झाले की फिका. रांगोळीची काळी चिमूट एका जागी ठेवली तर नुसता ठिपका, बोटाने पसरली तर सगळी चौकट काळी, रंग तेवढाच. हा पसारा मज्जातंतू आणि हार्मोन्स मांडतात आणि आवरतात, त्यामुळे मासा घाबरला, भांडला, झोपला, तरी त्याचा रंग खालीवर होतो. रात्री बरेच मासे फिके पडतात. अण्णा पहाटे अडीचला पाणी प्यायला उठून टाकीचा दिवा लावत, पांढुरके मासे बघत आणि पुढची रात्र तळमळत काढत. त्यांना मी सांगितलं, की अडीच वाजता झोपेतून उठवल्यावर आपलाही चेहरा काही खुललेला नसतो.

मासा खालची जमीन बघूनही रंग बदलतो. पुढे मधमाश्यांच्या नाचाचा अर्थ लावून १९७३ साली नोबेल मिळवणारे कार्ल फॉन फ्रिश सुरुवातीला माशांच्याच मागे होते. मिनो नावाच्या चिमुकल्या माशाच्या रंगपेशी कुणाच्या हुकमावर चालतात, यावरचं त्यांचं काम १९११ सालचं. अण्णांनी टाकीत पांढरेशुभ्र खडे घातले होते, “उठाव येतो” म्हणून. पांढऱ्या तळावर मासा स्वतःला फिका करतो, कारण उठून दिसणं हा त्याच्या लेखी गुण नाही, बगळ्याला दिलेलं आमंत्रण आहे. काळसर रेती घातली की तोच मासा गडद होतो. उठाव मग येतो.

पण काळूरामची गोष्ट वेगळी होती. त्याच्या काळ्या पेशी आवरून बसल्या नव्हत्या, निघूनच चालल्या होत्या. इथे मला अण्णांना एक अप्रिय बातमी द्यावी लागली. गोल्डफिशचा रानटी पूर्वज हिरवट-करडा असतो, आपल्या तळ्यातल्या कुठल्याही सामान्य माशासारखा. त्यात कधीतरी एखादा काळा रंग गमावलेला मासा निघायचा, आणि चीनमध्ये लोकांनी असेच वेचून वेचून हजारेक वर्षांपूर्वी, सोंग घराण्याच्या काळात, तळ्यांत पाळले. आजही गोल्डफिशची पिल्लं मळकट जन्मतात. काही महिन्यांत त्यांच्या काळ्या पेशी मरतात आणि खालचं सोनं दिसू लागतं. म्हणजे अण्णा ज्यांना लक्ष्मी समजून ओवाळत होते, ते आठही मासे मुळात रंग उडालेलेच. काळूराम तेच करत होता, फक्त जरा उशिरा. पुष्कळ ब्लॅक मूर वयाबरोबर तांबूस-सोनेरी होतात आणि पाणी कोमट असलं तर लवकर होतात.

“कोमट म्हणजे किती?” अण्णांनी चाचरत विचारलं.

मी टाकीच्या मागे वाकून पाहिलं. तिथे हीटर होता. गोल्डफिश हा थंड पाण्याचा मासा. अठरा ते तेवीस अंशांत सुखी. डोंबिवलीत मे महिन्यात माणसं ओला टॉवेल डोक्यावर घेऊन बसतात आणि इथे टाकी अठ्ठावीस अंशांवर शेकत होती. दुकानदाराने “सेट” म्हणून दिला होता. शिवाय पाणी तापलं की त्यातला प्राणवायू कमी होतो: वीस अंशांना लिटरमागे सुमारे ९ मिलिग्रॅम मावतो, तिसाला साडेसातच.

त्याच दुकानदाराने रंग परत आणणारं खाद्यही दिलं होतं. किलोचा डबा, कारण किलोवर सूट. आता या खाद्यात खोट नव्हती. तांबडा-पिवळा रंग ज्या कॅरोटिनॉइड्सचा, ती माशाला अंगात बनवता येत नाहीत, खाण्यातूनच मिळवावी लागतात. ठाण्याच्या खाडीतले फ्लेमिंगो गुलाबी दिसतात ते याच हिशोबाने, खाडीतलं शेवाळ आणि बारीकसारीक जीव खाऊन. म्हणून पांढरट पडणाऱ्या सोनेरी माशांना हे खाद्य योग्य. पण काळा रंग मेलॅनिनचा. तो मासा घरचा घरी बनवतो, त्याचा डबा बाजारात मिळत नाही. काळा परत यावा म्हणून अण्णा काळूरामला रोज दोन चिमटी जास्त घालत होते आणि काळूराम त्या निष्ठेने खाऊन आणखी पिवळाधमक होत होता.

डब्यावरची बारीक अक्षरं मी वाचली आणि वाचली नसती तर बरं झालं असतं. पहिला घटक: माशाचा कूट. ताईंनी डबा चिमट्याने उचलून गॅलरीत ठेवला. सुका जवळा उत्तम, त्यात रंग भरपूर, असं मी म्हणणार होतो, ते गिळलं. शाकाहारी तोड निघाली ती अशी: स्पिरुलिनाचं खाद्य, म्हणजे शेवाळच, उकडून सोललेला मटार, वाफवलेला पालक. गोल्डफिश स्पिरुलिनातल्या रंगद्रव्यापासून आपला तांबडा रंग तयार करू शकतो. हे चातुर्मासातही चालेल का, असं ताईंनी विचारलं. माशांचं मला माहीत नाही, पण मटाराला हरकत नसावी, असं मी म्हणालो. डबा मात्र लहान घ्यावा. उघडलेल्या खाद्यातली जीवनसत्त्वं आणि रंगद्रव्यं हवा लागून काही महिन्यांत उतरतात. किलोची सूट माशाच्या अंगाला लागत नाही.

खरा घोळ पाण्यात होता. दोन घनफूट म्हणजे साधारण ५६ लिटर. नऊ जणांत वाटले तर माणशी, म्हणजे माशी, सहा लिटर. साधा गोल्डफिश नीट जगला तर फूटभर वाढतो. इंग्लंडमधला टिश नावाचा गोल्डफिश १९९९ साली गेला तेव्हा ४३ वर्षांचा होता. हे ऐकून अण्णांनी मनात पेन्शनचा हिशोब केला असावा. वरवर ते म्हणाले, “आम्ही नाही का सहा भावंडं दोन खोल्यांत वाढलो? उडाला का आमचा रंग?” मी त्यांच्या टकलाकडे बघायचं टाळलं.

मासे कल्ल्यांतून अमोनिया सोडतात. फिल्टरच्या स्पंजवर राहणारे जिवाणू त्याचं आधी नायट्राइट आणि मग बऱ्याच कमी त्रासाचं नायट्रेट करतात. ही वस्ती बसायला चार ते सहा आठवडे लागतात. अण्णा दर रविवारी मासे बादलीत काढून टाकी घासत, खडे धूत आणि तो स्पंज पांढरा होईपर्यंत नळाखाली पिळत. नळाच्या क्लोरीनने जिवाणू साफ. बुधवारपर्यंत अमोनिया चढे, मासे निस्तेज होऊन वर येऊन तोंडं उघडत आणि अण्णा निळं औषध टाकत. “घरात हा एकच कोपरा हे स्वतःच्या हाताने पुसतात,” ताई कौतुकाने म्हणाल्या. लग्नानंतर पहिल्यांदाच मिळालेलं हे कौतुक अण्णांना सोडवेना. शेवटी तडजोड झाली: टाकीऐवजी पंखे पुसायचे, आणि स्पंज टाकीतल्याच काढलेल्या पाण्यात हलकासा पिळायचा.

हीटर निघाला, पाच मासे मोठ्या टाकीवाल्या भाच्याकडे गेले (वास्तुवाल्याला कळवलेलं नाही), खडे बदलले. महिन्याभराने अण्णांचा आनंदाने फोन: “भरती झाली! एका सोनेरीच्या शेपटीला काळी किनार आलीय!” अमोनियाने भाजलेली कातडी भरून येताना गोल्डफिशला असे काळे डाग अनेकदा पडतात आणि पुढे जातातही. ते नव्या नेमणुकीचं पत्र नव्हतं, जुन्या जखमेचं होतं. पण एवढं खूश झालेलं मी अण्णांना दिवाळीतही पाहिलं नव्हतं; मी अभिनंदन केलं.

आता त्यांना रंगीबेरंगी ग्लासफिश हवेत. त्यांना एकच सांगितलंय: तो आपल्याच देशातला काचेसारखा पारदर्शक मासा आहे, त्यावरचा गुलाबी-निळा पट्टा सुईने टोचलेला असतो आणि काही आठवड्यांत-महिन्यांत उतरतो. तिथे खाद्य, रेती, मटार, काही चालत नाही. असा मासा घेऊच नये.

तुमच्याकडे टाकी असेल तर एवढं करा. मासा हळूहळू रंग बदलत असेल आणि खात-पीत, हिंडत असेल, तर त्याला त्याचा रंग ठरवू द्या. पण दोन दिवसांत फिका पडला, पंख मिटून तळाशी बसला किंवा वर येऊन हवा ओढू लागला, तर औषधाच्या बाटलीला हात लावण्याआधी अमोनियाची चाचणी करा आणि पाव टाकी पाणी बदला. नवं पाणी चोवीस तास उघड्या पिंपात ठेवलेलं किंवा क्लोरीन मारणारे थेंब घातलेलं असावं. वास्तुवाल्याला फोन त्यानंतर केला तरी चालतो.