मा. सर्व्हर साहेबांच्या सेवेशी

प्रति,
मा. सर्व्हर साहेब,
खेळ पुनर्वितरण विभाग,
मुक्काम ढग (तालुका व जिल्हा आम्हांस कळविण्यात आलेला नाही).

अर्जदार : आपला एक जुना गिऱ्हाईक, मु. पो. घुग्घुस, जि. चंद्रपूर.

विषय : रीतसर पैसे भरून घेतलेले ११ गेम हातातल्या यंत्रात पुन्हा उतरवून मिळण्याबाबत.

संदर्भ : १) पैसे कापल्याचा आपला मेल. २) 'खरेदीबद्दल धन्यवाद' असा आपलाच दुसरा मेल. ३) त्यानंतरची आपली शांतता.

महोदय,

वरील विषयास अनुसरून सविनय अर्ज करतो की, मी आपला २०१० सालापासूनचा ग्राहक आहे. पहिल्या मसुद्यात 'मालक' असं लिहिलं होतं. मग तुमच्या अटी वाचल्या आणि तो शब्द खोडला. अटी वाचायला मला पंधरा वर्षं लागली, त्याबद्दल माफी असावी. तेव्हा अंगठा तरुण होता आणि 'मला मान्य आहे' या बटणावर तो भराभर पडायचा.

यंदा दिवाळीच्या साफसफाईत सज्ज्यावरची पत्र्याची पेटी खाली काढली. कोळशाची भुकटी आमच्या गावात बंद पेटीतही पोचते, त्यामुळे यंत्राचा मूळ रंग कोणता यावर घरात थोडा वाद झाला. यंत्राची बॅटरी तव्यावरच्या फुलक्यासारखी फुगली होती. ती काढून टाकली आणि यंत्र थेट चार्जरवर चालवलं. चाललं! भाचा शेजारीच होता. यंत्राने कार्ड फॉरमॅट करायचं का असं विचारलं आणि मी चष्मा शोधेपर्यंत त्याने 'हो' दाबलं. पंधरा वर्षांचा संसार चार सेकंदांत साफ.

माझा चेहरा बघून पोट्टा म्हणाला, "मामाजी, टेन्शन काऊन घेता? विकत घेतले होते नं? मंग पुन्हा डाउनलोड होते."

साहेब, 'विकत घेतले होते नं' या चार शब्दांवर त्या लेकराचा केवढा विश्वास होता! हा अर्ज त्या विश्वासापायीच लिहितो आहे.

आता मी ते विकत का घेतले होते तेही सांगतो. २०१० मध्ये अस्सल डिस्क घुग्घुसात मिळण्याचा प्रश्नच नव्हता. चंद्रपुरात विचारलं तर दुकानदार नागपूरचं नाव सांगायचा. चंद्रपुरातच एका गल्लीत मात्र एक भाऊ बसायचा. यंत्र त्याच्याकडे द्यायचं, चहा प्यायचा, परत यायचं, तेवढ्यात त्याने आतलं कुलूप तोडून वीस गेम भरलेले असायचे. माझ्या मित्राने तसं केलं. मी नाही केलं. आमचे वडील खाणीत हजेरी बाबू होते. कोणाची खोटी हजेरी त्यांनी कधी लावली नाही, म्हणून कॉलनीत फारसे लोकप्रियही नव्हते. त्यांच्या मुलाने चोरीचा गेम खेळावा हे शोभणारं नव्हतं. मी नेट कॅफेत बसून खातं उघडलं, मोठ्या भावाच्या कार्डावरून पैसे भरले, आणि रात्र रात्र जागून एकेक गेम उतरवला.

मित्राचे वीस गेम आजही चालतात. हे तक्रार म्हणून लिहीत नाही, आपल्या माहितीसाठी लिहितो.

तर पुन्हा उतरवण्याचं काम सुरू केलं. पहिली अडचण वायफायची. त्या काळच्या कित्येक यंत्रांना आजच्या राउटरचं कुलूप ओळखताच येत नाही. सोनीच्या पीएसपीला डब्ल्यूपीए-२ कळत नाही आणि निन्टेन्डोच्या जुन्या डीएसला तर त्याहूनही पुराणी डब्ल्यूईपी नावाची कडीच लागते. माझं यंत्र कोणाचं ते सांगत नाही, वय मात्र तेच. म्हणजे आजोबांना घरात घ्यायचं तर घराचं नवं कुलूप काढून जुनी कडी लावायची. लावली. त्या रात्री अख्ख्या वॉर्डाने माझ्या वायफायवर सिनेमे बघितले असावेत.

दुसरी अडचण पासवर्डाची. पासवर्ड बदलायचा तर ओटीपी येणार जुन्या नंबरावर. तो नंबर मी केव्हाच सोडला, आता तो वणीच्या एका बाईंकडे आहे. फोन केला आणि नम्रपणे म्हणालो, "ताई, तुमच्या मोबाईलवर एक सहा आकडी नंबर आला असेल, तेवढा सांगता का?" त्यांनी मला जे सुनावलं ते इथे लिहिता येत नाही. पण त्यांचं शंभर टक्के बरोबर होतं. बँका आणि पोलीस इतकी वर्षं जे घसा कोरडा करून सांगत आहेत ते वणीत तरी पोचलं आहे, याचा मला अभिमान वाटला. शेवटी जन्मतारीख, जुनी पावती आणि शाळेतल्या पहिल्या मित्राचं नाव देऊन तुमच्या मदत कक्षाकडून दार उघडून घेतलं.

आणि यादी दिसली! अकरापैकी दहा नावं, प्रत्येकापुढे तारीख. सातबाऱ्यावर आपलं नाव बघून शेतकऱ्याला जे वाटतं तेच वाटलं. दहापैकी सातांपुढे खाली जाणारा बाण होता, तो दाबला की गेम उतरणार. तिघांपुढे नुसतं नाव. बाणच नाही. अकरावा कुठे गेला हे विचारल्यावर एक कोड आला, अर्धा अक्षरांत, अर्धा आकड्यांत. लहानपणी आमच्याकडे टीव्हीला जोडायचा गेम होता. कॅसेट अडली की काढायची, फुंकर मारायची, परत घालायची. साहेब, तुम्हांला फुंकर कुठे मारायची असते?

नाव आहे पण बाण नाही, हे वाचून तुमच्याकडच्या लोकांना कदाचित काही वाटणार नाही. आमच्या भागात याला इतिहास आहे. इथून पूर्वेला गडचिरोली जिल्हा, तिथे धानोरा तालुक्यात मेंढा (लेखा) नावाचं गोंडांचं छोटं गाव. वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये या गावाला सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. कायद्यात बांबू गौण वनोपज म्हणून स्पष्ट लिहिलेला. म्हणजे यादीत नाव आलं. पण बांबू तोडून विकायचा तर वाहतूक परवाना लागतो, ज्याला सगळे टीपी म्हणतात, आणि टीपीचं पुस्तक वनखात्याच्या कपाटात. खात्याचं तेव्हाचं म्हणणं, १९२७ च्या कायद्यात बांबू हे झाड आहे. गावाचं म्हणणं, बांबू हे गवत आहे. हक्क तुमचा, बांबू तुमचा, फक्त तो जंगलाबाहेर नेता येणार नाही! गावचे पुढारी देवाजी तोफा आणि त्यांच्या ग्रामसभेने ही गोष्ट जवळजवळ दोन वर्षं लावून धरली, तेव्हा २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय मंत्री जयराम रमेश स्वतः गावात आले आणि टीपीचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं.

म्हणून म्हणतो साहेब, तुमच्या यादीतला तो बाण म्हणजे आमच्याकडची टीपी आहे. यादी आम्हांला नको असं नाही, पण पुस्तक कोणाच्या कपाटात आहे हे आम्ही आधी बघतो.

तुमच्या अटींतलं एक वाक्यही मला ओळखीचं वाटलं. त्यात म्हटलंय की ग्राहकाला गेम विकलेला नाही, गेम वापरण्याचा परवाना दिला आहे आणि तो काढून घेता येतो. घुग्घुसकराला हे समजवायला वकील लागत नाही. आमच्या गावात घर वर असतं, कोळसा खाली असतो, आणि दोघांचे मालक वेगळे असतात. १९७३ च्या राष्ट्रीयीकरणाने खाणी सरकारच्या झाल्या. त्याआधीही त्या आमच्या नव्हत्याच. २६ ऑगस्ट २०२२ ला आमराई वॉर्डात एक घर लोकांच्या डोळ्यांदेखत जमिनीत गेलं. खाली जुनी भूमिगत खाण होती. घरातली माणसं वेळेत बाहेर पडली म्हणून वाचली. कर भरल्याची पावती अशा वेळी कामी येत नाही. या ओळींत विनोद शोधू नये, नाही आहे. पण त्या दिवसापासून 'पायाखाली काय आहे' हे वाक्य इथे कोणी म्हणीसारखं वापरत नाही.

अकरा गेम गेल्याने कोणाचं छप्पर जात नाही, हे मलाही कळतं. तरी सवय एकच आहे : वरचा थर आपला समजायचा आणि खालचं कोणाचं ते विचारायचं नाही.

आता थोडं बाहेरच्या जगाबद्दल, म्हणजे हा अर्जदार गावातच बसून असतो असा आपला समज होऊ नये. तुमच्या भावकीतली दुकानं एकेक करून बंद होताना मी बघतो आहे. निन्टेन्डोने डीएसआयचं दुकान ३१ मार्च २०१७ ला मिटवलं, थ्रीडीएसचं २७ मार्च २०२३ ला. सोनीने २०२१ मध्ये पीएस-३, व्हिटा आणि पीएसपी या तिघांचीही दुकानं बंद करायचं जाहीर केलं, लोक ओरडले, तेव्हा पहिल्या दोघांना जीवदान दिलं. पीएसपीवरची खरेदी मात्र २ जुलै २०२१ ला थांबलीच. दर वेळी एक आश्वासन असतं : नवीन विक्री बंद, पण आधी घेतलेलं पुन्हा उतरवता येईल, नजीकच्या भविष्यात तरी. या 'नजीकच्या भविष्यात'चं मराठी आमच्या तहसील कार्यालयात फार सुंदर करतात. 'पुढील आदेश होईपर्यंत.'

पुस्तकांचंही तेच. जुलै २००९ मध्ये ॲमेझॉनने लोकांच्या किंडलमधून ऑर्वेलची दोन पुस्तकं दुरूनच काढून घेतली. विकणाऱ्याकडे हक्क नव्हते म्हणे. पैसे परत दिले, नंतर माफीही मागितली. पण काढून घेतलेल्या दोनांतलं एक '१९८४' होतं, म्हणजे ज्यात सरकार नको असलेले कागद भिंतीतल्या भोकात टाकून जाळतं तेच! योगायोगालाही काही मर्यादा असते.

कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून कायदाच आला आहे. परवाना देत असाल तर 'विकत घ्या' असं नुसतं लिहून चालणार नाही, हा परवाना आहे हे ग्राहकाला ठळक सांगावं लागेल. कायदा चांगला आहे. फक्त त्याने गेम परत मिळत नाही, आपल्याकडे काय नव्हतं ते व्यवस्थित छापून मिळतं. शिवाय निन्टेन्डोच्या स्विच-२ साठी आता दुकानात अशीही कार्डं मिळतात की ज्यांत गेमच नसतो, तो उतरवण्याची किल्ली तेवढी असते. म्हणजे डबा घरी आणायचा, उघडायचा, आणि पुन्हा तुमच्याच दारात रांगेत उभं राहायचं. शिधापत्रिका वेगळी, धान्य वेगळं, हे आम्हांला नवं नाही.

तरी माझी मागणी मोठी नाही. दुकान बंद करायचं असेल तर खुशाल करा. तोट्यात दुकान चालवा असं हजेरी बाबूचा मुलगा म्हणणार नाही. पण बंद करण्याआधी ज्याने पैसे भरले त्याला त्याचा गेम असा द्या की तो कोणाला न विचारता चालेल. मग तो कार्डात ठेवायचा की पेटीत, आम्ही बघू. बाण नसलेल्या तीन गेमांचं काय झालं ते एका ओळीत कळवा, कोडमध्ये नको. आणि तेही जमत नसेल, तर आमच्याकडे जमीन गेलेल्याला जसा प्रकल्पग्रस्ताचा दाखला मिळतो तसा मला गेमग्रस्ताचा दाखला द्यावा. नोकरी मागणार नाही. फ्रेम करून टीव्हीच्या वर लावीन. भाच्याला दाखवायला काहीतरी हवं.

सोबत : पावतीची छायांकित प्रत, यंत्राचा फोटो (धुऊन काढलेला), फुगलेली बॅटरी (पोस्टाने घेतली नाही, म्हणून घरीच आहे).

कळावे,
आपला परवानाधारक,
घुग्घुस

ता. क. : अर्ज लिहीत होतो तेवढ्यात सातांपैकी पहिला गेम उतरला. रात्रीचे अकरा वाजले होते. भाच्याला उठवलं. त्याने गेम उघडायला बटण दाबलं आणि लाईन गेली. अर्ध्या तासाने आली. बॅटरी नसल्यामुळे यंत्र आपलं घड्याळ विसरलं होतं, त्याच्या मते आज १ जानेवारी, सालही माझ्या खरेदीच्या आधीचं. पडद्यावर आलं की या गेमचा परवाना अद्याप सुरू झालेला नाही.

भाच्याने विचारलं, "मंग आता, मामाजी?"

"आता," मी म्हणालो, "आपण अजून विकत घेतलेलाच नाही."