सेन्सॉर आपल्या दारी

१९३० साली शांतारामबापूंनी प्रभातसाठी शिवरायांवर मूकपट काढला. त्याच्या नावातला ‘स्वराज्य’ हा शब्द इंग्रजांच्या सेन्सॉरला झोंबला, म्हणून तो ‘उदयकाल’ झाला. परक्या सरकारचं एक बरं होतं. काय कापायचं ते प्रेक्षक आत बसायच्या आधी ठरायचं.

नोव्हेंबर २०२२, ठाण्याचा विवियाना मॉल. सिनेमा पुन्हा शिवकाळावरचाच, ‘हर हर महादेव’. सरकारी प्रमाणपत्र पडद्यावर झळकून गेलेलं, पॉपकॉर्नचे पैसे भरून झालेले. इतिहासाची मोडतोड झाली म्हणत राष्ट्रवादीचे जितेंद्र आव्हाड कार्यकर्त्यांसह आले आणि खेळ बंद पडला. एका प्रेक्षकाला मारहाण झाल्याची तक्रार झाली. मग मनसेवाले आले, त्यांनी तोच खेळ पुन्हा सुरू करवला. पुढे आव्हाडांना अटक, पाठोपाठ जामीन. तिसऱ्या पक्षाला वेळेवर निरोप पोचला नाही म्हणून बरं, नाहीतर प्रेक्षकांना घरी जायला पहिली लोकलच धरावी लागली असती.

दादा कोंडक्यांनी सेन्सॉर बोर्डाला जन्मभर घाम फोडला. संवाद सोवळ्यातले, चावटपणा सगळा ऐकणाऱ्याच्या डोक्यात. कात्री चालवायची कुठे?

आता मोबाइलवरच्या मालिकांना आधी प्रमाणपत्र लागतच नाही. तरी डोंबिवली फास्टमध्ये जरा तसलं दृश्य आलं की चौथ्या सीटवरचा गडी स्क्रीन छातीशी धरतो. आणि इतका वेळ डोळे मिटून बसलेले शेजारचे काका म्हणतात, “अहो, जरा मागे घ्या ना. नीट दिसलं नाही.”