एकूणकाका

नव्या घराच्या वास्तुशांतीला आलेल्या पाहुण्यांचे प्रश्न ठरलेले असतात. पाणी चोवीस तास आहे का, पार्किंग झाकलेलं मिळालं की उघडं, वरच्या मजल्यावर लहान मुलं आहेत का. एकूणकाका यातलं काहीच विचारत नाहीत. ते शांतपणे जेवतात, जिलबी आग्रहाची वाट न बघता वाढून घेतात आणि हात धुऊन झाले की यजमानाला गॅलरीत गाठतात.

"छान आहे हो घर. एकूण किती पडलं?"

यजमान सकाळपासून उपाशी, डोळे होमाच्या धुरानं लाल. तरी तो अभिमानानं सांगतो, "साडेबासष्ट लाख."

"ती झाली किंमत. मी एकूण विचारतोय."

नाव पडलं ते यावरूनच. दारावरच्या पाटीवर त्यांचं खरं आडनाव आहे, पण वॉचमन कुरियरवाल्याला "एकूणकाका ना? बी विंग, तिसरा मजला" असंच सांगतो. पुण्याच्या वायव्येला रावेत, पुनावळे, ताथवडे या पट्ट्यात, जिथं गेल्या वर्षीचं उसाचं रान यंदा 'लेक व्ह्यू' होतं, तिथं हा माणूस दर सोसायटीत एक या प्रमाणात सापडतो. ठाण्याच्या घोडबंदर रोडलाही त्याची वस्ती आहे. वय साठीच्या अलीकडे-पलीकडे, अर्ध्या बाह्यांचा शर्ट आणि खिशात कॅल्क्युलेटर. मोबाइलमध्येही कॅल्क्युलेटर असतो हे त्यांना ठाऊक आहे, पण मोबाइलवर त्यांचा विश्वास नाही. कर्ज मंजूर झाल्याचे मेसेजही त्यावरच येतात. त्या कॅल्क्युलेटरचं ८ चं बटण पार झिजलंय, कारण गृहकर्जाचे दर फिरून फिरून तिथंच येऊन घुटमळतात.

हिशेब मांडायला त्यांना वेगळा कागद लागत नाही. वास्तुशांतीच्या निमंत्रणपत्रिकेची मागची बाजू कोरी असतेच. पुढच्या बाजूचा गणपती पाठीमागे फिकट उमटलेला असतो, त्याच्या सोंडेपासून काका सुरुवात करतात.

"साडेबासष्टचा फ्लॅट. बांधकाम चालू असताना घेतलात ना? म्हणजे जीएसटी पाच टक्के, तीन लाख साडेबारा हजार. मुद्रांक शुल्क आपल्याकडे सात टक्के, चार लाख साडेसदतीस. वहिनींच्या एकट्यांच्या नावावर घेतला असतात तर एक टक्का वाचला असता."

इथं वहिनी स्वयंपाकघरातून नवऱ्याकडे एक नजर टाकतात. त्या नजरेचा खर्च काका हिशेबात धरत नाहीत.

"नोंदणी तीस हजार. पदरचे साडेबारा लाख. आणि कर्ज पन्नास लाख, वीस वर्षं, साडेआठ टक्के. हप्ता ४३,३९१. बरोबर?"

"तुम्हाला कसं कळलं?"

"पाढे पाठ आहेत. आता याला २४० नं गुणा."

यजमान गुणत नाही. काका गुणतात. एक कोटी चार लाख आणि वर काही हजार. त्यात पदरचे आणि सरकारचे मिळवून खाली दुहेरी रेघ मारतात आणि पत्रिका यजमानाच्या हातात देतात. रेघेखाली आकडा असतो सव्वा कोटीला टेकलेला. "हे एकूण. फर्निचर आणि मेंटेनन्स धरलेला नाही. शुभ दिवस आहे म्हणून."

माणूस वाईट नाही, हे मी ठामपणे सांगतो. मत्सरानं बोलणारे पाहुणे वेगळे असतात. ते "एवढ्यात आमच्याकडे बंगला झाला असता" म्हणतात आणि डबा भरून घेऊन जातात. काकांना खरोखर वाटतं की माणसाला आपण काय विकत घेतलं ते माहीत असावं. आणि त्यांचं हे निरीक्षण मला नाकारता येत नाही की आपल्याकडे घर कोणी विकत घेतच नाही, हप्ता विकत घेतात. "बसतोय ना हप्ता?" एवढंच सासरा जावयाला विचारतो. बँकवालाही तेच विचारतो. बसतोय म्हटल्यावर पुढं कोणी बघत नाही.

काकांना हे वेड लागलं त्यामागं एक पाकीट आहे. २००४ साली त्यांनी बारा लाखांचं कर्ज घेतलं, पंधरा वर्षांसाठी, साडेसात टक्क्यांनी. दर बदलता. बदलता म्हणजे खाली जाणारा, असा त्या काळी सगळ्यांचाच समज होता. हप्ता अकरा हजार आणि काही, तो दर महिन्याला इमानेइतबारे जात होता, कधी एका रुपयानंही वाढला नाही, त्यामुळे काका निश्चिंत. २००८ साली बँकेकडून वार्षिक उतारा आला. चार वर्षं हप्ते भरून झालेल्या त्या पंधरा वर्षांच्या कर्जाची शिल्लक मुदत होती अठरा वर्षं. दर वाढत वाढत साडेअकराच्या घरात गेला होता. बँकेनं हप्त्याला धक्का न लावता मुदत लांबवली होती. काकू सांगतात की ते पाकीट हातात घेऊन हे बराच वेळ उभेच होते, मग चष्मा पुसला, पुन्हा वाचलं आणि म्हणाले, "आपण उलटे चाललोय."

त्या दिवसापासून घरात सोफा येणं बंद झालं. दिवाळीचा बोनस मुद्दलात, मुलाचे खाऊचे पैसे मुद्दलात, रद्दीचे पैसेसुद्धा आधी डब्यात आणि मग मुद्दलात. २०१२ च्या जूनमध्ये रिझर्व्ह बँकेनं बदलत्या दराच्या गृहकर्जांवरचा मुदतपूर्व फेडीचा दंड बंद केला, तेव्हा काकांनी सोसायटीत पेढे वाटले. मुलाचा निकाल लागला असेल म्हणून लोकांनी अभिनंदन केलं. पुढच्या वर्षी कर्ज संपलं. काका अजून सांगतात की इतके लाख वाचवले. काकू तेवढ्यात चहाचा कप ठेवतात आणि म्हणतात, "एकूण किती वाचलं ते हे सांगतील. पाच वर्षं माहेरच्या एकाही लग्नाला गेले नाही, त्याचं एकूण मी सांगते." काका तत्काळ सोसायटीच्या पाण्याच्या टाकीबद्दल बोलू लागतात.

सॅम्पल फ्लॅट बघायला जाताना तरुण जोडपी त्यांना सोबत नेतात, आणि मग नेल्याचा पश्चात्ताप करतात. सॅम्पल फ्लॅटमध्ये पलंग मुद्दाम आखूड असतो, खोलीला दारं नसतात आणि टेबलावरच्या वाडग्यात प्लास्टिकची सफरचंदं असतात. जोडपं या सगळ्यावर भाळतं. काका सफरचंद उचलून बघतात आणि जागेवर ठेवतात. सेल्सची मुलगी म्हणते, "सर, हप्ता जड जात असेल तर तीस वर्षं करून देते, ३८,४४६ वर येईल." जोडप्याच्या चेहऱ्यावर पौर्णिमा. काका फक्त एवढंच विचारतात, "महिन्याला पाच हजार वाचवायला सव्वाचौतीस लाख जास्त व्याज, असं म्हणायचंय ना तुम्हाला?" मुलगी नव्यानं लागलेली असते. ती "सरांना विचारून येते" म्हणून आत जाते आणि परत येत नाही.

बँकेतही तेच. कर्जाच्या कागदांमध्ये विम्याचा एक कागद हळूच सरकवलेला असतो. एकरकमी हप्ता एक लाख, तो कर्जातच मिळवलेला, "सर, ईएमआयमध्ये फक्त ८६८ चा फरक पडतो." या 'फक्त'वर काकांचा जुना राग आहे. २० वर्षांत तो एक लाखाचा विमा दोन लाख आठ हजारांना पडतो, आणि विमा हवाच असेल तर साधा मुदत विमा वेगळा घ्यावा, दरवर्षी भरावा, एवढं ते त्या टेबलाशी उभं राहून, मागच्या रांगेलाही ऐकू जाईल अशा आवाजात सांगतात. बँकेच्या त्या शाखेत काका दिसले की टेबलावरचे विम्याचे कागद खणात जातात असं ऐकिवात आहे.

"पण काका, व्याजावर टॅक्स वाचतो ना," असं एखादा म्हणतो. हा प्रश्न काकांना फार आवडतो. "पहिल्या वर्षी तुम्ही व्याज भरणार चार लाख एकवीस हजार. राहत्या घराला जुन्या पद्धतीत वजावट दोन लाखांपर्यंत, नव्या पद्धतीत शून्य. तुम्ही कुठली घेतलीत?" तो तरुण नवी म्हणतो. काका त्याच्या खांद्यावर हात ठेवतात.

पहिल्या वर्षाचा हा हिशेब त्यांचा खास आहे. पाच लाख वीस हजार भरले, त्यातले मुद्दलात गेले जेमतेम एक लाख. म्हणजे सात हजार रुपये फुटाच्या भावानं वर्षभरात चौदा चौरस फूट जागा आपली झाली. ते गॅलरीच्या कोपऱ्यात पावलं टाकून ती जागा मोजून दाखवतात. "इथं एक खुर्ची बसेल. इथं बसा, हे तुमचं. बाकी जपून वापरा." मुद्दलाचा हिस्सा व्याजाहून मोठा व्हायला पावणेबारा वर्षांच्या वर लागतात. निम्मं मुद्दल फिटायला चौदाला दोन महिने कमी. "तुमची चिमी आता पहिलीत ना? ती कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला असेल तेव्हा निम्मं घर आपलं झालेलं असेल." चिमीची आई चिमीला आत घेऊन जाते.

काकांचा सुवर्णकाळ म्हणजे मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चार टक्क्यांवरून साडेसहावर गेला आणि सोसायटीच्या निम्म्या लोकांची कर्जं रेपोला बांधलेली. २०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांनी पन्नास लाख उचललेल्यांच्या घरात एकदम सव्वानऊ आले. हप्ता जुनाच ठेवला तर वीस वर्षांची मुदत चाळिशीच्या आसपास जाऊन पोचत होती. ज्यांनी काकांना वास्तुशांतीनंतर टाळलं होतं ते जिन्यात त्यांची वाट बघू लागले. तिसऱ्या मजल्यावर चपलांचा ढीग पडायचा. काकांनी कोणालाही "मी सांगितलं होतं" म्हटलं नाही. ते २००८ चा तो उतारा लॅमिनेट करून टीपॉयवर ठेवत, तेवढं पुरे होत असे. पुढं ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनंच बँकांना बजावलं की दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवायचा की मुदत, हे विचारा. काकांचं मत असं की ते परिपत्रक पंधरा वर्षं उशिरा निघालं.

त्यांना एकदाच कोंडीत पकडलेलं मी पाहिलंय. ए विंगमधले अर्थशास्त्राचे प्राध्यापक गणपतीच्या मांडवात म्हणाले, "काका, तुमची बेरीजच चुकते. आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एका रकान्यात कसे मिळवता? पगार वाढतो, महागाई वाढते, शेवटचा ४३ हजारांचा हप्ता किरकोळ वाटेल. आणि भाडं वाचतं ते?" मुद्दा बिनतोड होता. दरवर्षी वाढणारं भाडं त्या पत्रिकेच्या मागं कधीच नसतं, हे माझ्याही लक्षात आलं होतं. काका आरतीचे टाळ हातात धरून थोडा वेळ विचार करत राहिले. मग म्हणाले, "हप्ता बँकेनं लिहून दिलाय. पगारवाढ कंपनीनं लिहून दिलीय का?" त्या वर्षी आयटीत माणसं कमी करणं चालू होतं. प्राध्यापकांनी आरती सुरू केली.

एक मात्र आहे. त्यांचा उपाय त्यांच्या निदानाइतका भीतिदायक नाही. वर्षातून एक जादा हप्ता मुद्दलात भरा, हप्ता कमी करू नका, मुदत कमी करून घ्या, बस्स. वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी संपतं. हे ऐकून लोक मान डोलावतात आणि पुढच्या महिन्यात गोव्याला जातात.

स्वतःच्या घरात आता फेडायला काही उरलं नाही, ही काकांची अडचण. म्हणून गेल्या भाऊबीजेला ते चिंचवडला बहिणीकडे गेले. तिच्या यजमानांनी नुकतंच नवं कर्ज काढलेलं. ओवाळून झालं आणि काकांनी तबकात पाकीट ठेवलं. बहिणीनं उघडलं तर आत नोटा नाहीत, पाच हजार रुपये तिच्या कर्जखात्यात मुद्दलापोटी जमा केल्याची पावती. "पाच हजार दिसतात," काका म्हणाले, "पण साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत वाचणारं व्याज धरलंस तर सत्तावीस हजार ठेवलेत."

बहीण त्यांचीच. ती काही बोलली नाही, फराळाचं ताट घेऊन आली. ताटात लाडू होता, चिवडा होता, शेवही होती. चकली नव्हती. काकांचा सगळा जीव चकलीत.

"चकल्या नाही केल्यास यंदा?"

"केल्यात ना. तुझ्या वाटच्या पाच बाजूला काढून ठेवल्यात, दादा. वीस वर्षांनी ये, सत्तावीस देते."