शीळफाट्यावर मारणारा कुत्रा

ऐकलंत का? आपल्या शीळफाट्यावर, जिथे कंटेनरमागे अडकलेल्या रिक्षात बसून माणूस सासरच्या चार पिढ्यांची उणीदुणी काढून संपवतो तरी काटई नाका काही येत नाही, त्या फाट्यावर लोकांनी आता वाऱ्याशी शर्यत लावणारा कुत्रा पाळायला घेतलाय! मुधोळ. खास ससा पळवून धरण्यासाठी घडलेलं जनावर. इथे माणूस पळू शकत नाही, मोटार पळू शकत नाही, अँब्युलन्ससुद्धा भोंगा वाजवून दमते. मग हा पळणार कुठे? पार्किंगमध्ये?

पण वेड लागलं की असले हिशेब कोण करतो! गेल्या वर्षापर्यंत सोसायटीत एखादा हस्की दिसायचा, एसीपुढे जीभ काढून बसलेला. आपण त्याची कीव करायचो. आता हस्कीवाले तोंड लपवून फिरतात. लॅब्राडॉर म्हणजे तर अगदीच मध्यमवर्गीय. सकाळी गेटवर पाहावं तर लांब तोंडाचे, आत गेलेल्या पोटाचे, कमानदार पाठीचे उंच कुत्रे एकापाठोपाठ एक निघालेत, जणू कुणा संस्थानिकाची स्वारीच. एकाच संकुलात तीन ‘बाजी’ आणि दोन ‘चेतक’! ‘बाजीऽऽ’ अशी हाक आली की तिन्ही मालक वळून बघतात. कुत्रे एकही वळत नाहीत.

आणि सगळ्यात कट्टर कोण झालंय, माहितीये? ज्यांनी ‘लिफ्टमध्ये कुत्रे नकोत’ म्हणून घरोघर सह्या गोळा केल्या होत्या तेच गृहस्थ! लातूरकडे भाचीच्या लग्नाला गेले आणि आहेराची साडी सोडून मांडीवर पिल्लू घेऊन परत आले. आता तेच सभेत उभे राहून प्राणी कल्याण मंडळाची २०१५ ची मार्गदर्शक तत्त्वं ऐकवतात. म्हणे लिफ्ट नाकारता येत नाही, त्याचे जादा पैसेही घेता येत नाहीत. अहो, ते आम्हीच तुम्हाला सांगत होतो ना?

त्यांच्यापुढे दोन मिनिटं उभं राहायची सोय नाही. लगेच इतिहास सुरू. मुधोळ संस्थानचे राजे मालोजीराव घोरपडे, त्यांनी इंग्लंडच्या पंचम जॉर्जला नजर केलेली जोडी, तेव्हापासून जगात झालेलं नाव. मग २००५ चं टपाल तिकीट. मग मेरठला लष्कराच्या श्वानपथकात देशी जातीतून पहिला मान यालाच कसा मिळाला ते. मग ऑगस्ट २०२० मधली ‘मन की बात’. सांगणाऱ्याची मान अशी ताठ, की जॉर्जला जोडी यांनीच नेऊन दिली असावी! यांच्या स्वतःच्या आजोबांचं नाव विचारा, अडखळतील.

त्यात नावावरून भांडण. मुधोळ आज कर्नाटकात, बागलकोट जिल्ह्यात. मराठवाड्यातला माणूस हे नाव ऐकलं की पेटतो. ‘आमच्याकडं करवानी म्हणतेत, कारवान! आमच्या शेताच्या राखणीला पिढ्यान्‌पिढ्या आहे.’ व्यापाऱ्यांच्या तांड्यांबरोबर पश्चिम आशियातून आलेल्या सालुकी-ताझी कुळातला तो कारवान, असं त्याचं म्हणणं. कुत्र्यांच्या संस्था तरी एकमतानं बोलतील? एक म्हणते कारवान हाउंड, दुसरी म्हणते मुधोळ हाउंड. बेळगावचं भिजत घोंगडं होतंच, आता त्यावर कुत्रा येऊन बसला. अंगावर रेशमी केस असले तर त्याला ‘पश्मी’ म्हणायचं, तो आणखी वरच्या घराण्यातला, आणि त्याचा मालक त्याहून वरचा.

खरी मजा बायकांची. कुत्रा खांद्याशी ७० सेंटीमीटर उंच, पण बरगड्या लांबून मोजून घ्याव्यात! ‘अगं, खायला घालत नाहीस का त्याला?’ मालकीण समजावून थकते, की बाई, दोनतीन बरगड्या दिसणं हीच याची तब्येत, जाडा झाला तर सांधे जातील. पण तिसऱ्या मजल्यावरच्या काकू ऐकतील तर शपथ. त्या गुपचूप तूप-पोळी सरकवतात. आणि खाणं तरी काय! गावाकडे हा भाकरी, ताक आणि नशिबात असलं तर अंडं यावर वाढला. इथे घरातली मुलं मॅगी खातात आणि पोळीभाजी केंद्रात ऑर्डर जाते, ‘ज्वारीच्या चार, मीठ न घालता, बाजीसाठी.’ वरून सामन माशाचं तेल. अंगावर चरबी नाही, केस आखूड, कातडी पातळ, म्हणून थंडी बाधते हे खरं. बिछाना मऊ लागतो, नाहीतर कोपरांना घट्टे पडतात, हेही खरं. पण शीळफाट्याच्या डिसेंबरात पैठणीच्या काठाचा स्वेटर? एका जोडप्यानं तर मुलाला फरशीवर आणलं आणि त्याची गादी कुत्र्याला दिली. मुलगा म्हणे खूश आहे. असेलच, गादीवर त्याला तरी कुठे जागा मिळत होती!

बरं, राखणीला म्हणून घेतला म्हणावं, तर कुरिअरवाला आला तरी हा डोळा उघडत नाही. मात्र अंगणापलीकडे मांजराची शेपटी हलू दे! हा वासावर नाही, नजरेवर शिकार करणारा. मग पंचवीसेक किलोचा बाण सुटतो आणि पट्टा धरलेले मालक मागोमाग, जवळजवळ आडवे. १९७२ च्या कायद्यानं सशाची शिकार बंद, त्यामुळे आमचा शिकारी बेकार. आता खाडीकडून वाऱ्यानं उडत आलेल्या प्लास्टिकच्या पिशव्या धरतो. हमरस्ता हाकेवर असल्यानं पट्टा सोडायची सोय नाही. एकदा सुटला की हाक ऐकत नाही, कारण मुळात तो हाक ऐकणाऱ्यातला नाहीच. म्हणून रविवारी पहाटे पाचला मोटारींचा काफिला खिडकाळीच्या पुढे कुंपणाचं मैदान शोधत निघतो. कुत्रा चार मिनिटं पळतो. परतताना सगळे पाऊण तास ट्रॅफिकमध्ये. घरी आल्यावर कुत्रा दिवसभर सोफ्यावर. मालक जमिनीवर.

आणि स्वभाव? बापरे, काय तो तोरा! अनोळखी हात अंगाला लागलेला खपत नाही. शेपटी हलवणं, पाय चाटणं, असली लाचारी नाही. तुमच्याकडे बघतो ते तुमच्या आरपार, मागच्या टॉवरकडे. अध्यक्षमहाशय परवा ‘बाजी बेटा, शेकहँड’ म्हणत दहा माणसांदेखत वाकून उभे होते. त्यानं त्यांना सरळ फाट्यावर मारलं. आपण तोंडावर रुमाल धरून हसलो. ज्या अध्यक्षांपुढे सगळी सोसायटी चळचळा कापते, त्यांना असं वागवायची हिंमत आपल्यातल्या कुणाची होती? तेव्हापासून त्या कुत्र्याबद्दल आदर वाढलाय, हे कबूल करायला हरकत नाही.

कबूलच करायचं तर आणखी एक. आपण सगळे नाकं मुरडतो, पण रात्री पांघरुणात मुधोळच्या पिल्लांचे व्हिडिओ कोण बघतं? ‘सहज विचारतोय, किंमत काय?’ असे निरोप कुणाच्या फोनमधून जातात? माझ्या तर नाहीच. मी फक्त एकदा, भूल द्यावी लागली तर डॉक्टरांना ‘ही सडपातळ जात आहे, बेतानं द्या’ असं आधी सांगावं लागतं का, एवढं विचारलं होतं. माहिती असावी माणसाला.

परवा लिफ्टमध्ये मी आणि बाजी. मालक फोनवर. मी शहाण्यासारखा भिंतीला चिकटून उभा, हात खिशात. पाचव्या मजल्यापाशी त्यानं माझ्याकडे न बघताच आपलं सगळं अंग माझ्या गुडघ्यावर रेललं आणि एक उसासा टाकला. माझा मजला नववा. मी चौदाव्यावर उतरलो.